दुधनेकाठचा फाटका जाहीरनामा

६ मार्च १८६७ ची संध्याकाळ. औरंगाबादेत दुधना नदीच्या काठावर एक पडका बंगला आणि त्याच्या भिंतीवर नुकताच डकवलेला सरकारी जाहीरनामा. सत्तावन सालच्या उठावातल्या एका म्होरक्याला जिवंत किंवा मेलेला आणून देणाऱ्यास २००० पौंडांचे इनाम. म्होरक्याचे नाव धोंडोपंत. पण सारा मुलूख त्याला ज्या नावाने ओळखतो, ते ठळक अक्षरांत छापलेले दुसरे नाव कागदावर उरलेले नाही. काठावर चिटपाखरू नाही असे पाहून एका फकिराने नेमका तेवढाच कोपरा फाडून नेला आहे. ते नाव होते नानासाहेब.

हा प्रसंग कधी घडला नाही. तो लिहिला गेला औरंगाबादेपासून हजारो कोसांवर, उत्तर फ्रान्समधल्या आमिएँ नावाच्या गावी. लिहिणाऱ्याने हिंदुस्थानच्या मातीवर कधी पाऊल ठेवले नव्हते. त्याचे नाव ज्यूल व्हर्न. १८८० साली पूर्ण झालेल्या त्याच्या कादंबरीच्या फ्रेंच नावाचा अर्थ ‘वाफेचे घर’ असा होतो, आणि तिचे पहिलेच प्रकरण आपल्या भागात उघडते.

आपला भाग मी मुद्दाम म्हणतो. टेंभुर्णी हे जाफराबाद तालुक्यातले गाव. १ मे १९८१ रोजी जालना जिल्हा वेगळा होईपर्यंत आमचा जिल्हा औरंगाबादच, आणि व्हर्नने हे लिहिले त्या काळी सगळाच मुलूख निजामाचा. शिवाय ज्या नदीकाठी त्याने तो जाहीरनामा लावला, ती दुधना औरंगाबाद शहरातून वाहतच नाही. तिथली नदी खाम. दुधना वाहते ती जालना जिल्ह्यातून, पुढे परभणीत ती पूर्णेला मिळते. तीच पूर्णा, जी आमच्या जाफराबाद तालुक्यातून गेलेली असते. नकाशावर बोट थोडे सरकले आणि जालन्याची नदी औरंगाबादच्या वेशीत आली. मला ही चूक फार जवळची वाटते. एखाद्या परक्या माणसाने आपल्या घराचा पत्ता चुकीचा का होईना, पण मन लावून लिहून घ्यावा, तसे काहीसे.

व्हर्नला आज जग ओळखते ते पाणबुडी आणि चंद्रप्रवास यांमुळे. तो मुळात नाटकवेडा होता, ही गोष्ट मागे पडली. ८ फेब्रुवारी १८२८ रोजी नाँत या बंदराच्या गावी त्याचा जन्म झाला. वडील वकील, मुलानेही वकील व्हावे म्हणून त्याला पॅरिसला धाडलेले. तिथे तो थोरल्या अलेक्झांडर द्यूमाच्या वर्तुळात शिरला आणि वकिली सुटली. १८५० साली द्यूमाच्याच नाट्यगृहात त्याची एक छोटी पद्य-सुखात्मिका रंगमंचावर आली. पुढे त्याने एका संगीत-नाट्यगृहाचे चिटणीसपद सांभाळले, गीतनाट्यांसाठी संवाद लिहिले, एकामागून एक नाटके लिहून कपाटात ठेवली. पोट त्यावर भरेना. १८५७ च्या जानेवारीत लग्न झाले आणि तो पॅरिसच्या शेअर बाजारात दलाली करू लागला. त्याच वर्षी इकडे कानपूर पेटले होते.

नाँतच्या बंदरात आणखी एक दंतकथा ऐकू येते. अकरा वर्षांचा ज्यूल हिंदुस्थानकडे निघालेल्या जहाजावर गुपचूप चढला, आणि वडिलांनी पुढच्या धक्क्यावर त्याला गाठून परत आणले. अभ्यासकांना ही गोष्ट खरी वाटत नाही. घरच्या चरित्रलेखिकेने ती रंगवली असावी. मात्र हिंदुस्थान हे नाव त्या पोराच्या कानांवर लहानपणापासून होते यात शंका नाही. बंदरातल्या मुलाला जहाजांची नावे पाठ असतात, जशी आमच्याकडच्या पोरांना एसटीच्या पाट्या.

१८६३ च्या जानेवारीअखेर प्रकाशक एत्झेलने त्याची ‘फुग्यातून पाच आठवडे’ ही कादंबरी छापली आणि दिवस पालटले. ठरावीक पैसे, ठरावीक मुदत, वर्षाकाठी ठरलेली पुस्तके असा करार झाला आणि त्यातून ‘असामान्य प्रवास’ ही मालिका उभी राहिली. पण नाटक त्याच्या हातून सुटले नाही. कादंबऱ्यांतले त्याचे प्रवेश बघा: पात्र कधी आत येते, कधी जाते, पडदा कुठे पाडायचा, याचे भान तिथे नाटकवाल्याचे आहे. फकिराने नाव फाडून नेणे ही तर उघड उघड पहिल्या अंकाची सुरुवात. ‘ऐंशी दिवसांत जगाची फेरी’ त्याने आदोल्फ देन्नरी या मुरलेल्या नाटककाराबरोबर रंगभूमीवर आणली. ७ नोव्हेंबर १८७४ ला पहिला प्रयोग झाला आणि पहिल्याच फेरीत चारशेहून अधिक प्रयोग झाले. १७ नोव्हेंबर १८८० ला ‘मिशेल स्त्रोगॉफ’ नाटकरूपात आले. त्याआधी जेमतेम अडीच आठवडे, ३१ ऑक्टोबरला, पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘संगीत शाकुंतला’चा पहिला प्रयोग झाला होता. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही, तरी त्या शेजारी ठेवल्याशिवाय मला राहवत नाही. पेशव्यांच्या पुण्यात मराठी संगीत नाटक जन्मत होते, आणि त्याच वर्षी पॅरिसच्या नियतकालिकात शेवटच्या पेशव्याचा दत्तक पुत्र हप्त्याहप्त्याने छापला जात होता.

औरंगाबाद व्हर्नने दोनदा लिहिले. पहिल्यांदा ‘ऐंशी दिवसां’त, ओझरते. फिलिअस फॉग २० ऑक्टोबर १८७२ ला मुंबईत उतरतो. त्याचा नोकर पासपार्तू मलबार हिलवरच्या देवळात बुटांसकट शिरतो आणि पुजाऱ्यांचा मार खातो. मग ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेची गाडी घाट चढून खानदेशात शिरते, मालेगावचे नाव येते, आणि खिडकीबाहेर न दिसणारे वेरूळ व औरंगाबाद लेखक वाचकाला दाखवून देतो: इथून जवळच औरंगजेबाची राजधानी, आता निजामाच्या राज्यातल्या एका प्रांताचे ठाणे. बस्स, गाडी पुढे. जालन्याला रेल्वे यायला विसाव्या शतकाचे तोंड उजाडायचे होते. पुढे रूळ संपतात तेव्हा फॉग एक हत्ती विकत घेतो, २००० पौंडांना. सात-आठ वर्षांनी व्हर्नने नानासाहेबांच्या डोक्यावर जे इनाम लावले तेही २००० पौंडच. प्रत्यक्षात कंपनी सरकारने त्यांच्यासाठी एक लाख रुपये जाहीर केले होते. त्या काळच्या दराने ते दहा हजार पौंडांच्या घरात जातात.

दुसऱ्यांदा, म्हणजे ‘वाफेचे घर’मध्ये, मात्र तो थांबला. पहिल्या भागाचे चौथे प्रकरण वेरूळच्या लेण्यांच्या पोटात घडते. नेपाळच्या जंगलातून लपतछपत आलेले नानासाहेब तिथे आपल्या माणसांना भेटतात आणि नव्या उठावाची जुळणी करतात. सोबत भाऊ बाळाराव. नानासाहेबांचा त्या नावाचा भाऊ खराच होता. दुसरीकडे कलकत्त्याहून एक अजब वरात निघते. लोखंडाचा, वाफेवर चालणारा, सोंडेतून धूर सोडणारा हत्ती आणि त्याच्यामागे चाकांवरची दोन घरे. भूतानच्या एका राजाने तो बनवून घेतलेला, राजा मेला म्हणून विकला गेलेला. आत बसले आहेत इंजिनिअर बँक्स, वाघांचा हिशेब ठेवणारा कॅप्टन हॉड, गोष्ट सांगणारा फ्रेंच गृहस्थ मोक्लेर आणि सर्वांत गप्प राहणारा कर्नल मन्रो. कानपूरच्या कत्तलीत आपली बायको गेली असे मन्रो समजून चालला आहे. कादंबरीत नानासाहेबांनाही त्याचा जीव हवा आहे, कारण झाशीच्या राणीला मन्रोने मारले असे व्हर्नने रचले. दोन सूड एकमेकांकडे चालत येतात.

हे सगळे तपशील त्याने आणले कुठून? पुस्तकांतून. लुई रूसले नावाच्या फ्रेंच प्रवाशाने हिंदुस्थानातल्या संस्थानांत काही वर्षे काढली होती. १८७५ मध्ये त्याचा जाडजूड सचित्र ग्रंथ आला. व्हर्नने तो आणि इतर प्रवासवर्णने पिंजून काढली. आमिएँच्या वाचनालयात बसून टिपणे काढायची आणि कप्प्यांत लावून ठेवायची ही त्याची आयुष्यभराची सवय. त्याचे वेरूळ असे कागदावरून कागदावर आलेले आहे.

पण कागदावर न आलेले औरंगाबादही होते. जून १८५७ मध्ये तिथल्या छावणीत हैदराबाद कंटिन्जंटच्या पहिल्या घोडदळाने आपल्याच लोकांविरुद्ध दिल्लीकडे कूच करायला नकार दिला. जनरल वुडबर्नची फौज आली, तोफा लागल्या, पकडलेल्यांना देहदंड झाला. ‘काला चबुतरा’ म्हणून ओळखली जाणारी ती जागा आज क्रांती चौक आहे. पुढे नानासाहेबांचा निरोप निजामाच्या मुलखात खरोखरच पोचला. नारखेडचे पटवारी रंगराव पागे उत्तरेत जाऊन त्यांना भेटले, त्यांचे पत्र घेऊन परतले आणि कौलासकडे माणसे जमवू लागले. १८५९ मध्ये ते पकडले गेले. त्यांना काळ्या पाण्यावर धाडले आणि तिथेच त्यांचा शेवट झाला. व्हर्नच्या कादंबरीतला वेरूळचा कट कल्पनेतला खरा. पण त्याच्यासारखा एक कट मराठवाड्याच्या मातीत प्रत्यक्ष शिजला होता, आणि तो करणारा कोणी नबाब नव्हता, दप्तर सांभाळणारा गावचा माणूस होता. पॅरिसच्या कोणत्या पुस्तकात रंगराव पागे असणार?

फ्रेंचांचे आणि या भागाचे नाते त्याआधीचे, बंदुकीच्या दारूचे. महादजी शिंद्यांच्या पलटणी द बॉयनने घडवल्या, मग पेराँने चालवल्या. निजामाकडे रेमाँ होता. २३ सप्टेंबर १८०३ ला भोकरदनजवळ असईला, केळणा आणि जुई या नद्यांच्या बेचक्यात, फ्रेंच धर्तीवर शिकलेल्या त्या कवायती फौजेने आर्थर वेलस्लीचे दीड हजारांहून जास्त लोक लोळवले आणि तरीही लढाई गमावली. तीच केळणा वाहत खाली आमच्या जाफराबादकडे येते. वॉटर्लू जिंकलेल्या या सेनापतीला उतारवयात आपली सर्वांत चांगली लढाई कोणती असे विचारले, तेव्हा त्याने एकच शब्द उच्चारला म्हणतात: असई. फ्रेंचांच्या मनातली इंग्रजांविषयीची अढी व्हर्नपर्यंत अशीच जुन्या लढायांतून आली.

त्या अढीतूनच त्याचे सर्वांत मोठे पात्र निघाले आणि इथेच मला या लेखकाशी भांडायचे आहे.

कॅप्टन नेमो. १८६९-७० मध्ये ‘समुद्राखाली वीस हजार लीग’ आली तेव्हा तो कोण, कुठला, हे व्हर्नने सांगितले नव्हते. मनात होता तो पोलंडचा माणूस, रशियाने ज्याचे कुटुंब मारले असा. एत्झेलने हात आखडला. रशियात पुस्तके खपत होती. नेमो बिननावाचा राहिला. मात्र सिंहलद्वीपाच्या समुद्रात एका गरीब मोतीकाढ्याला तो शार्कच्या तोंडातून सोडवतो, हातात मोत्यांची थैली ठेवतो आणि दडपलेल्या देशाचा तो माणूस आपलाच आहे असे सांगतो. १८७४-७५ च्या ‘रहस्यमय बेटा’त अखेर उलगडा होतो: नेमो म्हणजे राजपुत्र डक्कार, बुंदेलखंडच्या राजाचा मुलगा, टिपूचा भाचा, युरोपात शिकलेला, सत्तावनच्या उठावात लढलेला, बायको आणि मुले गमावलेला. बुंदेलखंड म्हणजे झाशी, म्हणजे बांद्याची गादी. मराठ्यांच्या उत्तरेतल्या दौडीचा तो सगळा पट्टा.

अशा रीतीने एकाच उठावातून व्हर्नने दोन माणसे उचलली. कल्पनेतल्या राजपुत्राला त्याने दिली विद्या, पाणबुडी, वाद्यवादन, करुणा आणि सन्मानाचे मरण. खऱ्या माणसाला, रायगडाकडल्या वेणगावच्या भटांच्या पोराला, तीन वर्षांचा असताना दुसऱ्या बाजीरावाच्या मांडीवर बसवलेल्या नानाला, बापाचा आठ लाखांचा तनखा बंद झाल्यावर लंडनला अझिमुल्लाखान पाठवून सनदशीर दाद मागणाऱ्या नानाला, त्याने दिली फक्त क्रूरता. नेमोचा सूड त्याला कळला, नानाचा कळला नाही. कदाचित खऱ्या माणसाचा सूड समजून घेणे परवडत नसते. कानपूरच्या बिबीघरातल्या बायकामुलांचे रक्त खरे होते, ते कोणालाही पुसता येणार नाही, मलाही पुसायचे नाही. पण नानासाहेबांचे सहा-सात वर्षांचे अर्ज, उत्तरे आणि नकार यांना कादंबरीत जागा मिळायला हवी होती असे मला वाटते.

व्हर्नच्या बाजूनेही एक सांगितले पाहिजे. उठावावरच्या प्रकरणात त्याने इंग्रजांच्या सूडाचाही हिशेब मांडला आहे. मेलेल्या हिंदी माणसांची मोजदाद तो टाळत नाही. आणि शेवटाकडे एका प्रकरणाचे नावच आहे ‘तोफेच्या तोंडी’. तिथे बांधलेला असतो मन्रो, बांधणारे नानासाहेब. प्रत्यक्षात तोफेच्या तोंडी कोण दिले गेले हे पेशावरपासून औरंगाबादपर्यंत सर्वांना ठाऊक होते. नाटकवाल्याने भूमिकांची अदलाबदल केली.

इंग्रजीत हा माणूस आणखी कापला गेला. नेमोच्या पहिल्या कादंबरीचे मर्सिएरने केलेले भाषांतर सुमारे पाचवा हिस्सा गाळून आले. ‘रहस्यमय बेटा’च्या इंग्रजी भाषांतरात डक्कारने इंग्रजी राज्याविषयी काढलेले उद्गार बोथट केले गेले, उठावाची गोष्ट साम्राज्याला रुचेल अशी फिरवली गेली. आपल्याकडे व्हर्न पोचला तो बहुतांशी इंग्रजीच्या दारातून. आपल्याच सत्तावनची कथा फ्रेंचातून इंग्रजीत जाताना धुतली गेली, आणि आपण ती धुतलेली वाचली.

मराठीत तो फार लवकर आला. १९०० साली ‘केरळ कोकिळ’ मासिकात ‘चंद्रलोकची सफर’ छापली जाऊ लागली. हे मासिक कृष्णाजी नारायण आठल्यांनी १८८६ मध्ये, मराठी मुलखापासून दूर कोचीनला सुरू केले होते. मराठी विज्ञानकथेचा आरंभ अभ्यासक इथूनच मोजतात. व्हर्न तेव्हा हयात होता, २४ मार्च १९०५ ला गेला. मग स्वातंत्र्यानंतर आले भा. रा. भागवत, बेचाळीसच्या चळवळीतले, ‘बालमित्र’चे संपादक, फास्टर फेणेचे जनक. त्यांनी व्हर्न मराठीत उतरवला असे म्हणणे अपुरे आहे. त्यांनी तो मराठी मुलांच्या अंगणात आणून बसवला. ‘चंद्रावर स्वारी’, ‘समुद्र सैतान’, ‘पाताळलोकची अद्भुत यात्रा’, ‘मुक्काम शेंडेनक्षत्र’. नुसती नावे पाहा. ‘शेंडेनक्षत्र’ हा शब्द आजीच्या तोंडचा आहे, ज्योतिषाच्या पुस्तकातला नाही, आणि त्याला ‘मुक्काम’ लावला की धूमकेतूवर पोस्टाचा पत्ता तयार होतो. जिल्हा परिषदेच्या शाळेतल्या पत्र्याच्या पेटीत, तालुक्याच्या वाचनालयात, मामाच्या घरी फडताळात ही पुस्तके सापडत. पाने पिवळी, मधली दोन गायब. तरी नेमो समजत असे. त्याला कोणी परका मानले नाही.

‘वाफेचे घर’ मात्र आपल्या अंगणात तसे रुजले नाही. याचे कारण उघड आहे. ज्या भाषेत नानासाहेबांचे पोवाडे आणि चरित्रे लिहिली गेली, त्या भाषेत त्यांना खलनायक करणारी गोष्ट मुलांच्या हाती कोण देणार? भागवतांसारख्या माणसाने दिली नसती आणि ते बरोबरच होते. पण आता मोठ्यांनी ती वाचायला हरकत नाही. टेंभुर्णीच्या, जाफराबादच्या, जालन्याच्या वाचकाने तर वाचावीच. आपल्या नदीचे नाव एका परक्या भाषेत चुकतमाकत उच्चारलेले ऐकताना काय वाटते ते त्याने स्वतः अनुभवावे.

कादंबरीचा शेवट असा. पकडलेल्या नानासाहेबांना पोलादी हत्तीच्या मानेवर, माहुताच्या जागी बांधले जाते. त्यांचे साथीदार वेढा घालत येतात. मन्रोची माणसे बॉयलरचा दाब वाढवत नेतात, झडपा बंद करतात आणि हत्तीला तसाच सोडून पळ काढतात. स्फोट होतो. धूर निवळतो तेव्हा लोखंडाचे तुकडे विखुरलेले असतात, पण नानासाहेबांचे प्रेत सापडत नाही. आणि व्हर्न लिहून जातो की त्यामुळे मध्य हिंदुस्थानातले लोक त्यांना मेलेले मानायला तयार नाहीत. एवढे एक त्याने अगदी खरे लिहिले. १८५९ च्या सुमारास तराईच्या जंगलात तापाने गेले अशी खबर आली, प्रेत कोणी पाहिले नाही, आणि पुढे कित्येक वर्षे इंग्रज नानासाहेब म्हणून भलत्याच माणसांना धरत होते. १८७४ साली ग्वाल्हेरीत शिंद्यांनी स्वाधीन केलेला माणूसही तोतयाच निघाला.

नाँतमध्ये, व्हर्नच्या जन्मगावी, लुआर नदीच्या बेटावर २००७ पासून एक यांत्रिक हत्ती चालतो. बारा मीटर उंच, लाकूड आणि पोलादाचा; सोंडेतून पाणी उडवत तो बंदरातल्या जुन्या गोद्यांमधून फिरतो. पाठीवर लोक बसतात, मुले ओरडतात. त्याच्या मानेवर कोणी बांधलेले नसते.